सकाळ : आतल्या पानावरून पारखावे असे दैनिक

‘सकाळ’ची पुणे आवृत्ती मी गेली सत्तावीस वर्षे घेतो आणि ती पहिल्या पानापासून वाचत नाही. दिल्लीत काय झाले, सामना कोणी जिंकला, शेअर बाजार किती पडला हे आदल्या रात्रीच कळलेले असते. मी आधी शहराचे आतले पान उघडतो. गुरुवारी कोणत्या पेठांत पाणी येणार नाही, कोणता पूल दुरुस्तीसाठी बंद आहे, महापालिकेच्या स्थायी समितीने कोणता विषय पुढे ढकलला, कोणत्या सभागृहात कोणाचे व्याख्यान आहे आणि कोण गेले, हे तिथे असते. ही माहिती इतरत्र एकत्र मिळत नाही आणि तुकड्यातुकड्यांनी मिळाली तरी तिच्या खरेपणाची जबाबदारी घ्यायला कोणी पुढे येत नाही. प्रादेशिक दैनिकासाठी पैसे मोजावेत की नाही हे माझ्या मते याच पानावर ठरते. अग्रलेख, राजकीय विश्लेषण आणि रविवारची पुरवणी यांचा विचार त्यानंतर करायचा. ही कसोटी माझी असली तरी ती या दैनिकावर बाहेरून लादलेली नाही, कारण ‘सकाळ’ जन्माला आला तोच मुळी याच कसोटीवर.

पहिला अंक 1 जानेवारी 1932 रोजी पुण्यात निघाला. संस्थापक डॉ. नारायण भिकाजी ऊर्फ नानासाहेब परुळेकर हे अमेरिकेतल्या कोलंबिया विद्यापीठात शिकून आलेले होते. त्या वेळी पुण्यात वृत्तपत्रांची वाण नव्हती. ‘ज्ञानप्रकाश’ 1849 पासून निघत होता आणि विसाव्या शतकाच्या आरंभी तो दैनिकही झाला होता. ‘केसरी’ला नुकतीच पन्नास वर्षे पूर्ण झाली होती. पण मराठी पत्र म्हणजे प्रामुख्याने संपादकाचे मत, अशीच वाचकाची समजूत होती आणि ती अकारण नव्हती. लोक पत्र घेत ते अग्रलेखासाठी. बातमी ही त्या अग्रलेखाला लागणाऱ्या कच्च्या मालासारखी. मतपत्र आणि वृत्तपत्र यांतला फरक आज पत्रकारितेच्या वर्गात पहिल्या दिवशी शिकवला जातो. परुळेकरांनी तो धंद्याच्या पायाशी घातला. नावातच पाहावे. ‘केसरी’, ‘काळ’, ‘मराठा’ या नावांत गर्जना आहे, काळाला दिलेले आव्हान आहे. ‘सकाळ’ या नावात फक्त दिवसाची एक वेळ आहे. हे नाव म्हणजे ग्राहकाला दिलेले वेळेचे वचनच म्हणायचे, आणि अशी वचने पाळली गेली नाहीत की ग्राहकाला लगेच कळते.

त्या वर्षाची एक गंमत अशी की नव्या दैनिकाला स्थानिक बातमी आणि देशाची बातमी यांत निवड करण्याची फारशी वेळच आली नसावी. गोलमेज परिषदेहून परतलेल्या गांधीजींना 4 जानेवारी 1932 रोजी, म्हणजे पहिला अंक निघाल्यानंतर तीनच दिवसांनी, मुंबईत अटक झाली आणि त्यांना ठेवले गेले ते पुण्याजवळच्या येरवड्याच्या तुरुंगात. सप्टेंबरमध्ये त्यांचे उपोषण आणि 24 तारखेचा पुणे करार याच ठिकाणी घडले. सगळ्या देशाचे लक्ष ज्या बातमीकडे लागले होते ती ‘सकाळ’च्या बातमीदाराला टांग्याने जाऊन आणता येत होती. अशा वातावरणात कोणतेही पत्र केवळ राजकारणाचे होऊन बसले असते. परुळेकरांनी मात्र बाजारभाव, लहानसहान गावांतल्या घडामोडी, शाळा, नगरपालिका, रस्ते यांना जागा देण्याचा आग्रह सोडला नाही आणि भाषा सोपी ठेवली. विद्वानांनी त्या काळी याला नाके मुरडली असतील तर नवल नाही. मथळ्यात संस्कृत वचन नसणे हेच पुण्यात बरेच काही होते.

प्रादेशिक दैनिकाची खरी ताकद कार्यालयाच्या इमारतीत नसते, ती तालुक्याच्या गावी बसलेल्या वार्ताहरात असते, आणि या बाबतीत ‘सकाळ’ने सुरुवातीपासून घातलेली घडी इतर मराठी दैनिकांनीही गिरवली. हा वार्ताहर बहुधा पूर्णवेळ नोकर नसतो. तो शिक्षक असतो, छोटा दुकानदार असतो, शेती पाहणारा असतो, आणि मिळणारे मानधन त्याच्या चहापाण्यालाही पुरेलच असे नाही. तरीही तो बातमी पाठवतो, कारण गावात त्याला त्यामुळे मान असतो. 1 जून 1948 रोजी नगर ते पुणे अशी पहिली एसटी धावली आणि पुढची कित्येक वर्षे मराठी दैनिकांच्या बातम्यांची ने-आण याच लाल गाड्यांनी केली. दुपारच्या गाडीच्या वाहकाकडे पाकीट द्यायचे, शहराच्या स्थानकावर कचेरीचा माणूस ते उचलायचा. गाडी वाटेत बंद पडली की त्या तालुक्यात त्या दिवशी काहीच घडले नाही, असे दुसऱ्या दिवशीच्या अंकावरून वाटायचे. पुढे फॅक्स आला, मग ई-मेल आणि आता व्हॉट्सअॅप. पाकिटाचा वेग वाढला; पाकिटातला मजकूर लिहिणाऱ्याची स्थिती मात्र त्या मानाने फारशी सुधारली नाही.

या व्यवस्थेतली एक गाठ वाचकाने ओळखून ठेवावी. मराठी दैनिकांत अनेक ठिकाणी वार्ताहर, अंकाचा विक्रेता आणि जाहिराती गोळा करणारा माणूस एकच असतो. वर्धापनदिनाच्या पुरवणीसाठी ज्या साखर कारखान्याची, पतसंस्थेची किंवा स्थानिक पुढाऱ्याची जाहिरात त्याने आणायची, त्यांच्याचविषयीची बातमीही त्यानेच द्यायची. वाढदिवसाच्या शुभेच्छांनी भरलेले पान आणि त्याच पुढाऱ्याच्या कामांचे गुणगान करणारी ‘बातमी’ यांच्यातली रेघ अशा ठिकाणी फार पुसट होते. 2009 च्या निवडणुकांनंतर पैसे घेऊन छापलेल्या बातम्यांचा प्रश्न देशभर गाजला, प्रेस कौन्सिलने त्यासाठी उपसमिती नेमली, आणि त्या चर्चेत महाराष्ट्राचे नाव ठळकपणे होते. हा दोष कोणा एका पत्राचा म्हणून मी इथे मांडत नाही. ज्या रचनेतून तो उगवतो ती रचना सगळ्यांचीच आहे. पण तालुक्याचे पान वाचताना मी तिथल्या बातमीत विरोधी बाजूचे एक तरी वाक्य शोधतो. सापडले नाही, तर ती बातमी मी जाहिरातीसारखी वाचतो.

रात्रपाळीचा कारभार फार थोड्या वाचकांना ठाऊक असतो आणि तो कळल्याशिवाय हातात आलेल्या अंकाचे मोल ठरवता येत नाही. दैनिकाचा एकच अंक निघतो, ही समजूत चुकीची आहे. लांबच्या गावांसाठी डाक आवृत्ती आधी छापली जाते, कारण गठ्ठे गाड्यांत भरून पहाटेच्या आत शंभर-दीडशे किलोमीटरवर पोचवायचे असतात. शहर आवृत्ती सर्वांत शेवटी. रात्री अकरानंतर संपलेल्या सामन्याचा निकाल पुण्यातल्या वाचकाला मिळतो आणि घाटापलीकडच्या वाचकाला ‘सामना रंगतदार अवस्थेत’ एवढ्यावर समाधान मानावे लागते, त्याचे कारण हे. पाने सोडण्याच्याही वेळा ठरलेल्या असतात. संपादकीय पान आणि पुरवण्या आधी जातात, बाजार आणि क्रीडा नंतर, पहिले पान सगळ्यांत उशिरा. उपसंपादक वार्ताहराची आठशे शब्दांची बातमी दीडशेवर आणतो, इंग्रजीतून आलेली वृत्तसंस्थेची बातमी मराठीत करतो, मथळा दोन स्तंभांत बसवतो, आणि हे सगळे चालू असताना जाहिरात विभागाकडून निरोप येतो की तळाची चौथाई जागा गेली. मग जी बातमी कापली जाते ती बहुधा गावाकडची असते. प्रादेशिक दैनिकात स्थानिक बातमीला जागा कमी पडते ती अशी, रात्री साडेनऊच्या सुमारास, कोणाच्याही वाईट हेतूशिवाय.

छपाईच्या तंत्राबद्दल थोडक्यात सांगतो. देवनागरीतली जोडाक्षरे, वेलांट्या आणि रफार यांमुळे छपाईचे खिळे, म्हणजे एकेका अक्षराचे धातूचे ठसे, जुळवणाऱ्याच्या समोरच्या खणांची संख्या शेकड्यांत जायची. रोमन लिपीच्या कंपोझिटरला जे काम तासात होई त्यासाठी मराठी कंपोझिटरला अधिक वेळ आणि अधिक डोळे लागत. फोटोटाइपसेटिंग, संगणकावरची जुळणी आणि ऑफसेट यांनी ते कष्ट संपवले. त्यांच्याबरोबर मुद्रितशोधकही बहुतेक कचेऱ्यांतून गेला, आणि याची किंमत वाचक रोज मोजतो. ऱ्हस्व-दीर्घाच्या चुकांवरून संपादकाला पोस्टकार्ड टाकणारे पुणेकर आता संख्येने कमी झाले असतील, पण चुका कमी झालेल्या नाहीत, आणि हे मी सगळ्याच मराठी दैनिकांबद्दल म्हणतो.

आता ज्या प्रकरणामुळे ‘सकाळ’चे नाव कायद्याच्या प्रत्येक विद्यार्थ्याला ठाऊक असते त्याकडे वळतो. दैनिकाचा धंदा नेमका कसा चालतो हे समजून घ्यायला त्यासारखे दुसरे साधन मला सापडलेले नाही. केंद्र सरकारने 1956 मध्ये वृत्तपत्रांची किंमत आणि पाने यांसंबंधी कायदा केला आणि 1960 मध्ये त्याखाली आदेश काढला. अमुक किमतीला अमुकच पाने द्यावीत, पुरवण्या किती काढाव्यात, जाहिरातींना किती जागा द्यावी, हे सरकार ठरवणार होते. उद्देश सांगितला गेला तो असा की मोठी पत्रे स्वस्तात भरपूर पाने देऊन छोट्यांना मारतात, त्याला आळा बसावा. ‘सकाळ’ काही मुंबईतल्या इंग्रजी दैनिकांसारखा धनाढ्य नव्हता. ज्यांच्या रक्षणासाठी कायदा केला असे सांगितले गेले त्यांच्यातच त्याची गणना व्हावी. तरीही न्यायालयात तोच गेला.

निकालपत्रात त्या वेळच्या ‘सकाळ’ची जी वर्णने आली आहेत ती वाचताना त्या काळचा अंक हातात घेतल्यासारखे वाटते. आठवड्यातले पाच दिवस सहा पाने, एक दिवस चार पाने, किंमत सात नवे पैसे. रविवारचा अंक दहा पानांचा, किंमत बारा नवे पैसे. खप इतर दिवशी 52,000 आणि रविवारी 56,000, तोही महाराष्ट्र आणि कर्नाटकात मिळून. साधारण चाळीस टक्के जागा जाहिरातींची. म्हणजे रविवार सोडून आठवड्याला चौतीस पाने. नव्या आदेशाप्रमाणे तेवढीच पाने द्यायची तर किंमत सात नव्या पैशांवरून आठवर न्यावी लागणार होती, आणि किंमत तीच ठेवायची तर पाने कमी करावी लागणार होती. एका नव्या पैशासाठी सर्वोच्च न्यायालय गाठणे आज हास्यास्पद वाटेल. पण पन्नास हजार घरांत सकाळी येणारा अंक घ्यावा की शेजाऱ्याचा वाचावा, हे त्या एका पैशावर ठरत असे.

25 सप्टेंबर 1961 च्या निकालात न्यायमूर्ती मुधोळकरांनी जो युक्तिवाद उलगडला आहे तो घरच्या हिशेबासारखा सरळ आहे. जाहिरातींची जागा कमी केली की पत्राचे उत्पन्न घटते. उत्पन्न घटले की किंमत वाढवावी लागते. किंमत वाढली की खप घटतो. आणि खप घटणे म्हणजे विचार कमी लोकांपर्यंत पोचणे. म्हणून किंमत, पाने आणि जाहिराती यांवरचे नियंत्रण ही केवळ व्यापाराची बाब नसून ते घटनेच्या कलम 19 मधल्या भाषणस्वातंत्र्यावरचेच नियंत्रण आहे. व्यापारावर सार्वजनिक हितासाठी बंधने घालता येतात; भाषणावर मात्र घटनेत मोजून सांगितलेल्या कारणांसाठीच घालता येतात, आणि त्या यादीत ‘छोट्या पत्रांचे रक्षण’ नाही. कायद्यातली मूळ तरतूद आणि आदेश दोन्ही रद्द झाले. पुढे 1972 मध्ये वृत्तपत्रांवर दहा पानांची मर्यादा घालणारे धोरण सर्वोच्च न्यायालयाने रद्द केले, तेव्हा याच निकालाचा आधार होता. या प्रकरणातली मला सर्वांत आवडणारी गोष्ट म्हणजे कंपनीबरोबर ‘सकाळ’च्या दोन वाचकांनीही वेगळ्या याचिका केल्या होत्या. आम्हाला मिळणारी पाने कमी होतील आणि हा आमच्या हक्काचा भंग आहे, असे ग्राहकाने न्यायालयात जाऊन म्हणावे, असा ग्राहक आज कोणत्या दैनिकाला लाभेल?

निकालाच्या अडीच महिने आधी, 12 जुलै 1961 रोजी, पानशेतचे धरण फुटले, पाठोपाठ खडकवासल्याचेही, आणि पुण्याच्या नदीकाठच्या पेठा पाण्याखाली गेल्या. शहरावर अशी वेळ येते तेव्हा कोणत्या छावणीत कोण आहे, पाणी कुठे मिळते, कोणते रस्ते खुले आहेत, हे छापायला एकाएकी जास्त पाने लागतात. पानांची संख्या सरकारी तक्त्यावरून ठरवणे किती अव्यवहार्य होते, हे दाखवायला पुण्याला त्या वर्षी दुसऱ्या उदाहरणाची गरज नव्हती.

या हिशेबाची दुसरी बाजूही वाचकाने पत्करली पाहिजे. आपण देतो ती किंमत अंकाच्या खर्चापेक्षा कमी असते. उरलेली जाहिरातदार देतो. तेव्हा पहिल्या पानाच्या जागी पानभर जाहिरातीचे ‘जॅकेट’ पाहून मला राग येतो हे खरे, पण त्या रागाला नैतिक अधिष्ठान फारसे नाही. दसरा-दिवाळीच्या सुमारास खरे पहिले पान शोधायला तीन-चार पाने उलटावी लागतात. लहान जाहिरातींबद्दल मात्र माझी तक्रार नाही. स्थळे, भाड्याच्या खोल्या, नोकरीच्या चौकोनी ओळी, निधनवार्ता आणि पुण्यस्मरणे हा शहराचा दस्तऐवज आहे. कोणत्या भागात खोल्यांची मागणी वाढली, कोणते कारखाने माणसे घेत होते, लोक आपल्या मृतांविषयी काय लिहीत, हे पुढच्या अभ्यासकाला तिथेच सापडेल. पण या ओळींत झालेली चूक अग्रलेखातल्या चुकीपेक्षा महाग पडते. आमच्या नात्यातल्या एका घरी दशक्रियेची वेळ एका दैनिकात सकाळऐवजी संध्याकाळची छापली गेली. घाटावर घरचे चारच लोक होते आणि संध्याकाळी चाळीस-पन्नास माणसे तिथे येऊन परत गेली. दुरुस्ती तिसऱ्या दिवशी आली, तीही अशा जागी की ती शोधायला चष्मा पुसावा लागला. आतल्या पानावरच्या दोन ओळींना मी इतके महत्त्व का देतो, याचे उत्तर यात आहे.

परुळेकर 1973 च्या जानेवारीत गेले. 1985 मध्ये पत्राचे नियंत्रण पवार कुटुंबाकडे आले; व्यवस्थापनाची धुरा सांभाळणारे प्रतापराव पवार हे शरद पवार यांचे बंधू. समभागांवरून परुळेकरांच्या कन्येने चालवलेला खटला सर्वोच्च न्यायालयात 2005 मध्ये निकाली निघाला. हे इथे सांगण्याचे कारण असे की कोणतेही पत्र वाचताना मालक कोण हे ठाऊक असणे हा वाचनाचाच भाग आहे, आणि राज्याच्या राजकारणाचे पान वाचताना मी ते लक्षात ठेवतो, जसे इतर मराठी दैनिकांच्या बाबतीतही ठेवतो. त्यांपैकी कित्येकांचे मालक स्वतः राजकारणात होते किंवा आहेत. याच काळात पत्राचा विस्तार झाला हेही खरे. कोल्हापूरची आवृत्ती त्याआधीच, 1980 मध्ये, निघाली होती. पुढे नाशिक, सोलापूर, मराठवाडा, विदर्भ असा पसारा वाढला. विस्ताराचा फायदा वितरणाला आणि जाहिरातींना झाला. वाचक म्हणून मला त्यातला तोटाही दिसतो: एका जिल्ह्याची बातमी दुसऱ्या जिल्ह्याच्या आवृत्तीत क्वचितच येते, त्यामुळे नदीच्या वरच्या आणि खालच्या अंगाला राहणारे लोक एकाच पत्राचे वाचक असूनही एकमेकांच्या पाण्याच्या भांडणाविषयी अंधारात राहतात. प्रदेशाचे पत्र जिल्ह्यांच्या पत्रांत वाटले गेले आहे.

याच समूहाचे 2005 मध्ये सुरू झालेले ‘अॅग्रोवन’ हे शेतीला वाहिलेले दैनिक मला विस्तारातले सर्वांत शहाणपणाचे पाऊल वाटते. बाजारसमित्यांचे दर, हवामान, कीड-रोगांचे सल्ले आणि प्रयोगशील शेतकऱ्यांच्या हकिकती रोज छापणे ही परुळेकरांच्या बाजारभावाच्या चौकटीची थेट वारसदार म्हणता येईल अशी कल्पना आहे. मी शेती करत नाही. पण माझा मावसभाऊ करतो आणि त्याच्या ओसरीवर पुण्याच्या अंकापेक्षा हाच अंक अधिक चुरगळलेला असतो.

पुरवण्या आणि सदरांबद्दल फार लिहीत नाही. रविवारचा ‘सप्तरंग’ वाचनीय असतो, कधी फारच पसरतो. ‘ढिंग टांग’मधली राजकीय थट्टा मी चुकवत नाही. चारुहास पंडित आणि प्रभाकर वाडेकर यांचा ‘चिंटू’ 1991 मध्ये याच पत्रात सुरू झाला, आणि तीन-चार चौकटींतल्या त्या मुलाने किती मराठी घरांतल्या लहानग्यांना वृत्तपत्र उघडायला शिकवले याची मोजदाद कोणी केली पाहिजे. आमच्या घरी तो कापून वहीत चिकटवायचा मान धाकट्या बहिणीचा होता; मागच्या बाजूची बातमी अर्धी गेल्याबद्दल वडील रोज कुरकुरत. ‘मुक्तपीठ’ या वाचकांच्या सदराची चेष्टा पुष्कळ झाली. परदेशी मुलाकडे गेलेल्या आईवडिलांची प्रवासवर्णने आणि हरवलेले पाकीट परत मिळाल्याच्या कथा यांवर इंटरनेटवरच्या टवाळांनी हात धुऊन घेतला. मला ते सदर आवडायचे. ज्याने आयुष्यात दुसरे काही छापले नाही अशा निवृत्त माणसाला शहरासमोर पाचशे शब्द बोलू देणे हे प्रादेशिक दैनिकाचेच काम आहे.

वितरणाची साखळी मात्र कोणाच्या कौतुकात येत नाही. पहाटे तीन-साडेतीनला गठ्ठे उतरतात, विक्रेते चौकात पदपथावर बसून पुरवण्या आत भरतात, हँडबिले सारतात, आणि मग ‘लाइन’ टाकणारी मुले सायकलींवरून निघतात. अंकावर छापलेल्या किमतीतला एक हिस्सा विक्रेत्याचे कमिशन म्हणून जातो आणि त्यातूनच त्या मुलांचा पगार निघतो. चौथ्या मजल्यावर अंक पोचवण्याचे मोल यात फार कमी धरलेले असते. मार्च 2020 च्या अखेरीस टाळेबंदीत पुण्या-मुंबईतली ही साखळी तुटली. 18 एप्रिलच्या आदेशाने राज्य सरकारने छपाईला परवानगी दिली पण घरोघर अंक टाकण्यास मनाई केली, आणि पुढे ती टप्प्याटप्प्याने शिथिल झाली. छापलेले पण घरी न पोचणारे वृत्तपत्र म्हणजे काय, हे तेव्हा कळले. आमच्या इमारतीत त्या आधी चौदा घरांत कोणते ना कोणते दैनिक येत होते. सगळे सुरळीत झाल्यावर सहा घरांनी पुन्हा सुरू केले. उरलेल्यांना त्याची उणीव भासली नाही, असे ते म्हणतात. त्यांना गुरुवारच्या पाण्याची बातमी मीच सांगतो.

मोबाइलवरच्या संकेतस्थळाविषयी मत द्यायचे तर मी ते ‘सकाळ’ म्हणून वाचतच नाही. तिथे मथळा उत्सुकता ताणण्यासाठी लिहिलेला असतो, आणि हे आज सगळ्याच मराठी वृत्तस्थळांचे झाले आहे: ‘हे’, ‘ते’, ‘या’ अभिनेत्रीने, ‘त्या’ नेत्याने. छापील पानाच्या मथळ्यात बातमी असते. इथे ती दडवलेली असते. ई-पेपरचे तसे नाही. छापील पानच तिथे पडद्यावर येते, जागेची मर्यादा तशीच राहते आणि म्हणून निवडही राहते. शिवाय दुसऱ्या जिल्ह्याची आवृत्ती उघडता येते, म्हणजे वर म्हटलेला तोटा काही अंशी भरून निघतो. कोयनेच्या विसर्गाविषयी सातारा, सांगली आणि कोल्हापूर या तिन्ही ठिकाणची पाने एका बैठकीत वाचून पाहावीत. एकच पाणी तीन वेगवेगळ्या भाषांत बोलते.

नव्याने वर्गणी भरणाऱ्याला दोन व्यावहारिक सूचना देतो. विक्रेत्याला विचारून घ्यावे की आपल्या भागात शहर आवृत्ती येते की डाक. उपनगरांच्या कडेला राहणाऱ्यांना पुष्कळदा आधी छापलेला अंक मिळतो आणि ते उगाच संपादकाला दोष देतात. आणि अंकाच्या शेवटच्या पानाच्या तळाशी बारीक टायपात असलेली ओळ एकदा तरी वाचावी. मुद्रक, प्रकाशक आणि संपादक कोण, अंक कुठे छापला, हे सांगण्याचे बंधन 1867 च्या कायद्याने घातले होते. 1 मार्च 2024 पासून त्याची जागा नव्या कायद्याने घेतली, तरी बातम्यांच्या निवडीला कायद्याने जबाबदार कोण, हे सांगणारी ओळ अंकाखाली असते. मोबाइलवर फिरत आलेल्या बातमीखाली ती नसते. माझी वर्गणी पुढच्या महिन्यात संपते. विक्रेत्याला मी वर्षभराचे पैसे देऊन टाकले आहेत.